वैभवी टोकियोला जाते आहे आणि मला हेवा वाटतो

आजच्या कार्यक्रमाचे अध्यक्ष माननीय सदानंदकाका, व्यासपीठावरच्या प्रमुख पाहुण्या सुहासिनीताई, जिच्यासाठी आपण जमलो ती वैभवी, तिचे आईबाबा, आणि रुवैसहून एवढा लांबचा रस्ता कापून अबूधाबीला आलेले माझे सगळे काका-काकू, तुम्हा सर्वांना या अपर्णाचा नमस्कार.

मंडळाच्या सेक्रेटरींनी मला सांगितलं, "तू तिची लहानपणापासूनची मैत्रीण, दोन गोड शब्द बोल." पण गोड शब्द आधीच्या वक्त्यांनी संपवले. माझ्याकडे उरलाय तो हेवा. तोच आदरपूर्वक सादर करते.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. जपानमध्ये तरुण बायकांसाठी चित्रकथांची मासिकं निघतात. टेलिफोन डिरेक्टरीएवढी जाड, आणि अरबी पुस्तकासारखी उजवीकडून उघडायची. नोकरी करणाऱ्या, एकट्या राहणाऱ्या, लग्न मोडलेल्या बायकांच्या गोष्टी त्यात असतात. अशाच एका मासिकात गेल्या वर्षी वैभवीची गोष्ट छापून आली. आता तिथल्याच एका चित्रकर्तीची मदतनीस म्हणून ती टोकियोला निघाली आहे.

ही मासिकं आमच्या हाती आली १९९६ साली. आम्ही अकरावीत होतो. रुवैसच्या रिफायनरीत एक जपानी इंजिनिअर होते, त्यांच्या पत्नी किमुराबाई आमच्या शेजारी राहायच्या. संध्याकाळी त्या मला जपानी शिकवायच्या. मला, हे कृपया लक्षात घ्या. वैभवी नुसती सोबतीला यायची, आणि बिस्किटांसाठी.

वाचनाचा सराव म्हणून बाई मला ते मासिक द्यायच्या. पण आम्ही पडलो लोकांच्या मुली. म्हणून देण्याआधी त्या काही चित्रांवर काळा मार्कर फिरवायच्या. त्या काळ्या चौकोनांखाली काय असेल, हा आम्हा दोघींचा मोठाच विषय होता. मी अंदाज बांधायचे. वैभवीनं एक दिवस कागद घेतला आणि चित्रच काढलं. काळ्या चौकोनाच्या आधी ऑफिसातली बाई एका माणसाच्या घरी पोहोचते, नंतर ती खिडकीत उभी असते. मधे वैभवीनं काय काढावं? ती बाई दारात बसून घट्ट बूट काढते आहे आणि सुजलेले पाय चोळते आहे. बस्स.

किमुराबाईंनी ते पाहिलं आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. मग हळूच म्हणाल्या, "मी झाकलेलं चित्र एवढं चांगलं नव्हतं." त्या बोलत होत्या जपानीत. अर्थ मला कळत होता, पण पाहत होत्या वैभवीकडे. तिला ते वाक्य मी भाषांतर करून सांगितलं. सभागृहात कुणाला हेव्याची सुरुवात कुठून होते हे जाणून घ्यायचं असेल, तर ती तिथून झाली.

पुढे किमुरासाहेबांची बदली झाली. जाताना बाईंनी सगळी मासिकं वैभवीला दिली. मला डिक्शनरी दिली. त्या डिक्शनरीवरच मला इथल्या जपानी कंपनीत नोकरी लागली, मान्य आहे. पण डिक्शनरी उराशी धरून कुणी झोपतं का?

दोन वर्षांपूर्वी वैभवीचा फोन आला. मासिकानं नवोदितांची स्पर्धा ठेवली होती. "चित्रं झालीत, फक्त जपानी तू लिही ना." तिनं पाठवलेली पानं मी पाहिली. गोष्ट माझ्या आईची होती.

माझी आई, अनुराधाकाकू, ती बघा, तिसऱ्या रांगेत मान खाली घालून बसली आहे. रुवैसमध्ये बाबा शिफ्टवर असले की बाजार, दवाखाना, सगळीकडे टॅक्सी. जरा थांबलं की ड्रायव्हर हॉर्न वाजवून घाई करायचा, "यल्ला मॅडम, यल्ला." आईनं ठरवलं गाडी शिकायची. टेस्टला वारंवार नापास झाली, घरी आम्ही हसलो, तरी ती जात राहिली. हे सगळं माझ्या घरात घडत होतं आणि पाहिलं ते शेजारच्या मुलीनं.

शेवटच्या चौकटीत आई समुद्राशी गाडी थांबवते. संवादाचा फुगा रिकामा होता. वैभवीनं विचारलं, "लायसन्स मिळालं त्या दिवशी काकू काय म्हणाल्या गं? गाडीत त्यांच्याबरोबर तू एकटीच होतीस."

मला ते शब्द पाठ होते. खरं सांगू? द्यायचे नव्हते. एवढं एकच तर माझं होतं. मी म्हटलं, "आठवून सांगते." फोन ठेवला आणि चिडून सगळं घर आवरलं. मग बसले आणि जपानीत लिहिलं. इंजिन बंद करून आई म्हणाली होती, "आज यल्ला म्हणणारं कुणी नाही. बसू या जरा."

परीक्षकांनी नेमक्या त्याच वाक्याची तारीफ केली, वैभवीचं वाक्य म्हणून. तिनं लगेच फोन करून त्यांना माझं नाव सांगितलं. तेव्हा तरी तिनं जरा स्वार्थी वागायचं, म्हणजे मला नीट रागावता आलं असतं.

काल बॅगा भरताना ती म्हणाली, "पुढच्या गोष्टीचं जपानीही तूच लिहिशील ना?" मी म्हटलं, इन्शाल्ला. आपल्याकडे त्याचा अर्थ बहुतेक वेळा 'नाही' असाच होतो, तुम्ही सगळे जाणता. पण वैभवी, आज तुझ्या-माझ्या आयांसमोर सांगते. लिहीन.

मंडळानं मला बोलू दिलं, आपण शांतपणे ऐकलंत, मनापासून आभार. बोलण्यात कुठे तोल गेला असेल तर आपलीच मुलगी म्हणून सांभाळून घ्या. हेव्याबद्दल मात्र माफी मागत नाही. तिची गोष्ट वाचून तो दर महिन्याला वाढावा, एवढीच इच्छा आहे.