एकादशीला लसूण

जिन्यात लसणाचा वास आला तिथेच मला खटकलं, कारण हडपसरच्या आमच्या घरमालकीण मावशींची त्या दिवशी एकादशी होती. एकादशीला लसूण कोण सोलतं?

विचारलं, तर म्हणाल्या, “लसूण कुठला? गव्हात किडं झाल्यात, म्हून औषध ठिवलंय. तुमच्या शेजारच्या खोलीत.”

“कसलं औषध?”

“गोळ्या हायत. दुकानदारानं गुपचूप दिल्या. औषधाला कसलं भ्यायचं?”

मी सरकारी प्रयोगशाळेत कीटकनाशकंच तपासते! त्या गोळ्यांतून लसणासारख्या वासाचा विषारी वायू सुटतो, त्यानं माणूस भ्रमतो, जीवही जातो, म्हणून घरच्या वापरासाठी त्या विकायला बंदी आहे. आणि भिंतीपलीकडे, आमच्या खोलीत, माझी रूममेट रुबिना रात्रपाळी करून आतून कडी लावून झोपली होती.

मी दार बडवलं.

“झोपू द्या की तिला,” मावशी मागून म्हणाल्या.

मी फोन लावला. रिंग आत वाजताना मला बाहेर ऐकू येत होती, आणि कुणी उचलत नव्हतं. पुन्हा लावला. मध्येच रिंग थांबली.

“रुबिना! दार उघड!”

“उघडतेच आहे गं,” ती आतून अगदी शांतपणे म्हणाली, “पण दार कुठंय?”