केळीच्या टेकूनं सुटलेलं गणित

खोटं वाटेल, पण आमच्या बारावीच्या वर्गाला इंटिग्रेशन केळीनं शिकवलं. सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशीची गोष्ट असेल, जळगावची. गणिताचे सर म्हणाले, "अडला तो उद्या वडिलांना घेऊन येईल." नेमका चोपड्याचा भिका फळ्यापाशी. त्याच्या घरी केळीची कापणी चालू; वडिलांना बोलावणं म्हणजे मरणच.

वर्गमुळात पंचवीस वजा एक्स वर्ग. भिकानं एक्सच्या जागी पाच साइन थीटा ठेवलं आणि वर्गमुळाचं चिन्हच उडालं. उत्तर आलं, पण थीटात.

सर म्हणाले, "प्रश्न एक्सचा होता, भिका. वडिलांना थीटा दाखवू का?"

भिकानं फळ्यावर घडानं वाकलेली केळ काढली, तिला तिरपा टेकू लावला.

"सोपं शे, सर. टेकू पाच हातांचा, उंची एक्स. जमिनीवर उरलं तेच आपलं वर्गमूळ."

त्या त्रिकोणातून थीटा गेला, एक्स परत आला. आम्ही बाकं बडवली.

"त्रिकोण कळला," सर म्हणाले, "झाड कशाला?"

"झाडच नसलं तर टेकू कोणाला लावू, सर?"

पूर्वपरीक्षेत आम्ही सगळ्यांनी झाडं काढली. पेपर तपासायला धुळ्याला गेले होते. गठ्ठ्यावर शेरा आला: "उत्तरं बरोबर. घड पिकत आलेत, लवकर उतरवा."