तानीचे ओठ, अंबूचा सूर

"दोघी दळतो जोंधळा, पीठ पडे पांढरं ।
तिचं नाव घेतल्याविना, माझं गाणं आंधळं ॥"

तानीच्या आईचा हा जात्यावरचा आवाज! समोर खुंट्याला हात लावणारीचं नाव ओवीत घ्यायचंच — त्या गल्लीची रीतच होती. आता सांगा मंडळी, दळण दोघींचं आणि नाव एकीचंच — तर पाप कुणाच्या पदरात? डोकं खाजवू नका, ऐका!

कोल्हापुरात बोलपट निघत होते तेव्हाची गोष्ट. तानीचं रूप असं, की पाण्यानं थांबून बघावं! स्टुडिओचे मालक तात्यासाहेब म्हणाले, "आजपासून तू मंजिरीदेवी!" पण गळा? फुटकं मडकं हो! मग गायची अंबूताई, पडद्याआड. तानीनं नुसते ओठ हलवायचे. तबकडीवर नाव मंजिरीदेवीचं. आणि करार असा — बाहेर बोललात, की दोघींना फाटक बंद!

चित्रपट धो धो चालला. विठ्ठलाच्या देवळात सत्कार! गावकरी हटून बसले, "बाईंनी देवापुढं अभंग म्हणायचाच!" तात्यासाहेब वस्ताद — खांबाआड पडदा, पडद्याआड अंबूताई!

तानी कुजबुजली, "ताई, देवालाही फसवायचं?"

"माझ्या घरची चार तोंडं तुझ्या ओठांवर जेवतात, बाई. हलव!"

सूर लागला. देऊळ डोलायला लागलं... आणि सूर मधेच तुटला! किती वर्षांनी देवापुढं गात होती अंबूताई — हुंदका आला हो तिला! तानीचे ओठ मात्र हलतायत, आवाज नाही! लोकांना काय वाटावं?

"समाधी! बाईंची समाधी लागली!"

म्हाताऱ्या बाया तानीच्या पाया पडल्या. नारळ फुटले. तात्यासाहेब कानाशी पुटपुटले, "झकास! डोळे मिटूनच राहा."

तानीला काही उमगेना. बोलावं, तर अंबूताईची भाकरी जाते. गप्प राहावं, तर आईची ओवी आंधळी होते. हे हात जोडलेत कुणाला? आणि आपण तरी कोण — तानी, की मंजिरी?

तेवढ्यात पडद्याखालून एक हात आला. अंबूताईचा. तानीनं तो धरला — खुंटा धरावा तसा, घट्ट.

मंडळी, तानीला हसू नका! खांद्यावर शाल पडली तेव्हा तुम्ही कुणाचं नाव गिळलंत? घरात पडद्याआड कोण गातंय तुमच्या? आठवा... आठवा.

तानीनं डोळे उघडले, पडदा बाजूला सारला. त्याच फुटक्या आवाजात म्हणाली, "समाधी नाही गं, बायांनो. मी कधी गायलेच नाही. गाते ती ही — माझी अंबूताई."