चौकटीबाहेरचा पाय

आभार कसले मानताय, काकू? बसा आधी — ती खुर्ची नको, तिच्यावर काका — काही नाही, डुगडुगते ती, इकडे बसा. काकांचा फोटो देतो ना फिल्ममधून काढून. तोच हवा ना, शांत चेहऱ्याचा? सगळे तेच म्हणतात, फिल्ममधला तो बस ड्रायव्हर काय निवांत बसलाय हो! दिग्दर्शिकाबाईंची कल्पनाच तशी होती — माणसानं वीस मिनिटं डोळे मिटून बसायचं, मनात येईल ते येऊ द्यायचं, बोलायचं नाही, मी फक्त कॅमेऱ्यानं टिपत राहायचं. आत चालतं ते म्हणे चेहऱ्यावर उमटतं. डोंबल उमटतं!

खरं सांगू? चौदाव्या मिनिटाला काकांचा उजवा पाय हलला. म्हटलं, मुंग्या आल्या असतील. तर टाच टेकवून बूट फरशीवर दाबायला लागले — दाबतायत, दाबतायत, गुडघा थरथरतोय, आणि वर चेहरा संथ पाण्यासारखा. ब्रेक दाबत होते, काकू... मान का खाली घातलीत? म्हणजे रस्त्यावर घडलं होतं काहीतरी. घरी कधी बोलले नसतील. नाही, मला नका सांगू, मला नको ते.

मी काय केलं? फ्रेम आवळली. चेहरा आत, पाय बाहेर. मग त्यांनी हात वर केला — थांबवा, असा. डोळे मात्र उघडले नाहीत, उघडायचे नाहीत असं सांगितलं होतं ना आम्ही! बाई पलीकडच्या खोलीत होत्या, हात दिसला तो मला एकट्याला — आणि मी आणखी जवळ गेलो. असा चेहरा जन्मात एकदा मिळतो हो. सहा मिनिटं, काकू. सहा मिनिटं तो हात तसाच वर.

निघताना घामाघूम झाले होते, बुटाची नाडी बांधता येईना, मीच बांधली. तेव्हा हळूच म्हणाले, "माझा हात दिसला नाही का रे तुला?" म्हटलं, "नाही हो, काका." "मग ठीक आहे," म्हणाले. पाठीवर थाप मारून गेले. दोन महिन्यांनी कळलं, काका गेले. तेव्हापासून मी माणसं टिपत नाही. साबणाच्या वड्या, डबे, बाटल्या — बरं असतं, हात वर करत नाहीत.

काय म्हणालात? सगळं? न कापलेलं चित्रण? ...आहे. टाकवलं नाही. पण कशाला बघताय, शांतच राहू द्या की त्यांना तुमच्यापुरतं! ...बरं. बरं, नाही अडवत. हे बटण दाबा. मी बाहेर थांबतो. आणि आवाज वाढवू नका, काकू. बुटाचा आहे नुसता, दुसरं काही नाही त्यात.