पकडलेल्या ट्रॉलीतली वाळू

ताई, तुम्ही म्हणालात, "तुम्ही सांगा, मी लिहून घेते," पण मला माणसासमोर बोलायला सुधरत नाही, म्हणून दुपारी घरात कोणी नसताना मीच लिहून ठेवलं. शाळा चौथीपर्यंतच झाली. अक्षर वाकडंतिकडं आहे, ऱ्हस्वदीर्घ चुकले असतील, तेवढं सांभाळून घ्या.

माझं माहेर वारंगा फाट्याजवळ. वडील फाट्यावर पंक्चर काढायचे. लग्न होऊन या नदीकाठच्या गावात आले. यांनी ट्रॅक्टर घेतलं तेव्हा भावाभावांत वाटणीचं भांडण चालू होतं, म्हणून ते माझ्या नावावर घेतलं. ट्रॅक्टरला हार घालताना मला पुढं उभं केलं, एवढंच मला त्यातलं माहीत. त्याच्या भाड्यावर आमचं घर चालायचं.

मग गावात विहाराचं बांधकाम निघालं. त्याला वाळू पाहिजे होती. हे म्हणाले, विहाराचं काम हाय, भाडं घ्यायचं न्हाई, आणि नदीतून एक ट्रॉली भरून वर आले तर रस्त्यात तहसीलच्या साहेबांची जीप उभी. पावती कुठं हाय? वाळूचे सरकारात पैसे भरल्याची पावती नव्हती. विहाराची मंडळी दोनदा कचेरीत जाऊन हात जोडून आली, साहेब म्हणाले वाळू कशाला नेली ते मला सांगू नका, पावती दाखवा. ट्रॅक्टर भरल्या ट्रॉलीसकट कचेरीच्या आवारात नेऊन उभं केलं आणि नोटीस आली माझ्या नावानं. मी म्हटलं मी तर नदीवर गेलेच न्हाई. हे म्हणाले, गाडी तुझी हाय ना.

आता काय सांगू तुम्हाला, आमच्याकडं भरलेली ट्रॉली कोणी रात्रभरसुद्धा उभी ठेवत नाही. उन्हात वजनाखाली टायर फुगतं, फाटतं, चाकाचा आस वाकतो. घरी आलं की आधी ट्रॉली रिकामी, मग भाकर. तर हे आठ-पंधरा दिवसांनी तारखेला गेले, टायर दबलेलं बघितलं, आणि कोणाला न विचारता फावडं घेऊन सगळी वाळू तिथंच लिंबाखाली ओढली. शिपायानं बघितलं, पण अडवलं नाही. हे घरी येऊन खुशीत सांगत होते, टायर वाचवलं म्हणून.

पुढं दंड ठरला. वसमतला माझी मोठी नणंद आहे, आक्का म्हणतो आम्ही, तिच्या हळदीचे पैसे आले होते. ते उसने मागायला मलाच जावं लागलं. आक्का म्हणाली, ट्रॅक्टरवाली झालीस सुमन, आन माझ्या दारात येऊन राहिलीस व्हय. पण दिले.

दंड भरला, सह्या केल्या, आता गाडी न्यायची म्हणून उभे राहिलो, तर साहेब पंचनामा वाचून म्हणाले, ट्रॉलीत एक ब्रास वाळू लिहिली हाय, ती कुठं हाय? आम्ही लिंबाखाली बघितलं. तिथं काहीच नव्हतं. पाण्याच्या टाकीखाली एक नवा ओटा झाला होता, त्याला प्लास्टर केलेलं होतं. ती आमचीच वाळू का दुसरी, मी कसं सांगू.

हे म्हणाले, साहेब, खाली ओतली ती मी, पण नेली न्हाई. साहेब म्हणाले, जप्तीचा माल सरकारचा, तुम्ही हात लावला काहून? वाळू आणून टाका, मग गाडी न्या.

माझं डोकंच चालेना. इतके दिवस मी तोंड उघडलं नव्हतं, पण त्या दिवशी निघून गेलं, "साहेब, वाळू नेली म्हणून धरलं तुमी, आन आता वाळू आणा म्हणून राहिले?" बाजूचे दोघं-तिघं हसले. साहेब हसले नाहीत, म्हणाले पावतीची आणा बाई.

यांच्या मनात आलं होतं रातोरात नदीतून भरावी. मी म्हटलं, मग दुसऱ्या ट्रॅक्टरला पण माझंच नाव लावा, पुन्हा नोटीस मलाच येऊ द्या. तवा तो विचार सोडला. लिलाव झालेल्या घाटावरून पावतीची वाळू घेतली, दुसऱ्याचं ट्रॅक्टर भाड्यानं केलं आणि आवारात नेऊन ओतली. त्यालाही पुन्हा आक्काचेच पैसे. साहेबांनी टेपनं मापून घेतली. मग आमची गाडी सुटली. येताना हे चालवत होते, मी मडगार्डवर बसले होते. यात आमचं चुकलं किती आणि त्यांचं किती, मला अजून उमगत नाही.

ट्रॅक्टर चालू आहे. आता शेणखत आणि हळद नेतात, नदीकडं वळवत नाहीत. विहार झाला, त्याला वाळू दुसऱ्यानं दिली.

आक्काचे पैसे तीन हळदींत, म्हणजे तीन वर्षांत फिटले. दर वेळी मीच घेऊन जायची आणि तिच्या घरात जमिनीवर बसायची. ती वर बस म्हणाली नाही आणि मलाही बसवलं नसतं. शेवटचे द्यायला गेले तेव्हा तिनं बोट ओलं करून दोनदा मोजले.

"बराबर हाय, काही राह्यलं न्हाई," म्हणाली. नोटा डब्यात ठेवल्या आणि माझ्याकडं बघून म्हणाली, "आता खाली काहून बसलीस? वर बस."

मी बाजेवर बसले.