रविवारचे पाहुणे

लातूरला हाडांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी देगलूरची एक बाई बसली होती. अंगात फुटबॉल क्लबची जर्सी घातलेली तिची पोरगी लंगडत डॉक्टरांच्या खोलीतून बाहेर आली.

"काय म्हणले गं?"

"गुडघ्यात काही फाटलं न्हाई, माय. नुसती सूज हाय. महिन्यानं खेळ म्हणले."

"खरं सांगून राहिलीस ना?"

"हाव. ऑपरेशनबी न्हाई."

"अन् तुझी बचावाची जागा?"

"कोच म्हणले, तुझीच हाय."

"पुन्हा त्या दांडग्या पोरी अंगावर येतील."

"येऊ दे की. त्यांना अडवायचाच तर पगार हाय मला. माय, रडू नको, लोक बघून राहिलेत."

"कोण रडून राहिलंय? फोन दे इकडं. देवणीच्या पाहुण्यांना लावते."

"कोण पाहुणे?"

"रविवारी तुला बघायला येणार होते. तुझा खेळ संपला वाटलं, म्हणून मीच या म्हणले होते."

"माय!"

"गप बस. हॅलो, जयभीम दादा. रविवारी येऊ नका... न्हाई, न्हाई, पोरीला काही झालं न्हाई. गुडघा चांगला हाय, म्हणूनच येऊ नका."