व्हर्नाची बोटं

टाळ्यांचा आवाज, नोरीन — तिथूनच सुरू करतो, नाहीतर मला जमायचं नाही. अकरा वर्षं झाली, अजून कानात आहे. बस ना. कोट नको काढूस, पण बस. कॉफी? नको तर नको. — आमच्या धंद्यातली रीत तुला ठाऊक आहे, नटाचं शेवटचं दृश्य झालं की त्याचं नाव मोठ्यानं पुकारतात आणि सगळे, दिवेवाले, सुतार, जेवण वाढणाऱ्या बायकासुद्धा, टाळ्या वाजवतात. माझ्यासाठी अडतीस वर्षांत कुणी वाजवल्या नव्हत्या. कशा वाजवतील? मी पहिल्या दहा मिनिटांतच मरायचो. घोड्यावरून पडलो, बँकेच्या दारात गोळी खाल्ली, परग्रहावरचा हिरवा माणूस होऊन वितळलो — तू दारातच विचारायचीस, 'डॅडी, आज कसा मेलास?' — मग केस पिकले तसा न्यायाधीश झालो, टीव्हीवर कवळी चिकटवायचा डिंक विकला. मी मेलो की लोक माझ्या अंगावरून वायरी ओढत पुढच्या दृश्याकडे. मी उठायचो, धूळ झटकायचो, बसनं घरी. तुझी आई माझं ताट ओव्हनमध्ये गरम ठेवायची, कितीही उशीर होवो.

तुझी आई, माझी व्हर्ना, मार्चमध्ये गेली आणि मेमध्ये ते काम आलं. म्हातारा शेतकरी, खाटेवर मरतो. पहिल्यांदाच सावकाश मरायचं होतं, पूर्ण चार मिनिटं. मला मरता येत होतं गं, पण झटकन. सावकाश मरणं मी एकदाच पाहिलं होतं. तूही होतीस, खिडकीपाशी. ती चादरीची कड चिमटीत दाबत होती, ओव्हनमध्ये घालायच्या ॲपल पायची कड दाबतात तशी, एकेक चिमटा, पार टोकापर्यंत. आणि म्हणाली, 'ओव्हन बंद केलास का?' — सिनेमाच्या कागदावर हे नव्हतं, बायबलवर हात ठेवून सांगतो. कॅमेऱ्यापुढे माझी बोटंच तशी चादरीच्या कडेवर गेली. तोंडातून तेच आलं. तू फ्रेस्नोच्या थेटरात मुलांना घेऊन बसलेलीस, आणि पडद्यावर माझ्या हातांत तुझी आई. उठून गेलीस म्हणे. तुझ्या नवऱ्यानं फोनवर सांगितलं. तेव्हापासून एक शब्द नाही. तो एक शब्द ऐकावा म्हणून तर पत्र लिहिलं मी तुला.

चोरलं नाही मी, पोरी. बोटं आपोआप गेली — हो, आपोआपच. पहिल्या वेळेला. नंतर? नंतर काय, दिग्दर्शक म्हणाला, 'मिस्टर टॅकेट, पुन्हा एकदा, बोटं सावलीत जातायत.' तिशीचा पोरगा, डोळे पुसत होता. मग मी हात जरा वर घेतला. उजेडात. आणखी तीन वेळा केलं. चौथ्यांदा टाळ्या पडल्या, मी खाटेवरून उतरून वाकलो, आणि मला — मला बरं वाटलं, नोरीन. फार बरं वाटलं. — चौथा चांगला का झाला, तर चिमटे बरोबर पडले. सतरा. तिनं सतराच घेतले होते. मी मोजले होते ना. तिथेच, तिच्या उशाशी बसून. तू रडत होतीस आणि मी मोजत होतो. मला नव्हतं मोजायचं गं! हात तिच्या कपाळावर होता, आणि डोळे मात्र... खोड ती, इतक्या वर्षांची. तिनं विचारलं तेव्हा उत्तरही दिलं नाही मी. 'हो, व्हर्ना, केला बंद,' एवढंच म्हणायचं होतं. मी तिचे ओठ बघत राहिलो, कसे हलतात ते —

हे सांगायचं नव्हतं मला. पत्रातही नव्हतं लिहिलं... उठलीस का? बस, अजून — शिवी दे हवी तर. चार शिव्या दे. नोरीन? जाळीचं दार अडकतं, जरा वर उचलून — हां. पायरी सैल आहे तिथली, सावकाश. सावकाश जा, पोरी...